तुझं मशीन

आमच्या घरात लोकशाही होती. म्हणजे आधी बाबा ठरवायचे आणि मग सगळ्यांना हात वर करायला लावायचे. यंदा प्रश्न होता, टीव्ही घ्यायचा की कपडे धुण्याचं मशीन. बाबांचा हात मशीनला, आम्हा भावंडांचे टीव्हीला. आईचाही हात टीव्हीलाच वर गेला, कोपरापर्यंत फेसाने माखलेला. “अगं, मशीन तुझ्यासाठीच घेतोय ना?” बाबा चक्रावले. “म्हणूनच नको. कपडे सगळ्यांचे, मशीन मात्र माझं. वर जन्मभर ऐकायचं, तुला मशीन घेऊन दिलंय म्हणून.” रविवारी दारात मशीनच आलं. जोडायला आलेल्या माणसाने नळी बसवली आणि विचारलं, “चालवायचं कसं, ते कुणाला दाखवू?” आम्ही आईकडे बघितलं. आई दाराला टेकून बाबांकडे बघत होती. बाबांनी खिशातला चष्मा नाकावर चढवला. “मला दाखवा,” ते म्हणाले, “आणि जरा सावकाश.”