निमडोहचा पाण्याचा मक्ता

मुंजाजीच्या बोअरला नगरपरिषदेच्या माणसांनी कुलूप घातलं, तेव्हा रांगेत वीसेक घागरी होत्या. बोअरला पाणी होतं. पण निमडोहमध्ये पाणी पुरवायचा मक्ता वीस वर्षांसाठी एकाच सहकारी संस्थेला दिलेला होता, आणि गावच्या हद्दीत दुसऱ्या कुणी लोकांना पाणी द्यायचं नाही असं करारात लिहिलेलं होतं. मुंजाजी फुकट देत होता, तरीही.

संस्थेचा टँकर माजलगावच्या धरणावरून यायचा. धरण आटलं तसा तो चार दिवसांआड यायला लागला.

रांगेत विमलबाई होती. तिची सून बाळंत होऊन पाचच दिवस झाले होते. ती रिकामी घागर घेऊन थेट चंद्रभागाबाईंच्या घरी गेली आणि ती त्यांच्या पुढ्यात ठेवली.

चंद्रभागाबाई साठीच्या. तरुणपणी बारा वर्षं ऊसतोडीला गेलेल्या, नंतर गावात बायकांना जमवून मोर्चे काढलेल्या. त्या उठल्या, विमलबाईला घेऊन बोअरवर आल्या आणि चारचौघांदेखत दगडानं कुलूप तोडलं. दुसऱ्या दिवशी एसटीनं बीडला जाऊन कलेक्टर कचेरीत अर्ज दिला. असा एकट्याला हक्क द्यायचा अधिकार नगरपरिषदेला नाहीच, असं त्यात लिहिलं होतं.

संध्याकाळी नगराध्यक्ष सुंदरराव त्यांच्याकडं आले. सोबत संस्थेचे दोन संचालक होते. ते खाली मान घालून बसले. सुंदररावांनी बरंच समजावलं. दुष्काळात कारभार एका हाती असलेला बरा, एवढे सभासद संस्थेच्या भरवशावर आहेत, त्यांचं वाटोळं कशाला करता, असं विचारलं. बाईंनी चहा दिला. अर्ज मागं घ्यायचं मात्र कबूल केलं नाही.

शेवटी सुंदरराव वैतागले. "ही संस्था नको असंल तर तसं सांगा. मक्ता दुसऱ्या कुनाला देऊ."

"म्हनूनच तर अर्ज केलाय," बाई म्हणाल्या. "आज हिला, उद्या दुसऱ्याला. तुमाला कुनालाच देता येऊ नये."

महिन्याभरानं कलेक्टर साहेबांपुढं सुनावणी झाली. नगरपरिषदेचा वकील बराच वेळ बोलला. मग बाईंना विचारलं, तशा त्या उभ्या राहिल्या. रस्ता नगरपरिषदेचा, त्यातून कुणाची पाइप जाऊ द्यायची हे तिनं ठरवावं, असं त्या म्हणाल्या. पण मुंजाजीनं शेजारणीला घागरभर पाणी द्यायचं का नाही, हे ती कोण सांगणार?

बाईंनी कुलूप तोडल्याची आठवण वकिलानं करून दिली.

"तोडलं," बाई म्हणाल्या. "परत लावलं तर परत तोडीन."

साहेबांनी करार पुन्हा एकदा वाचला. एकट्या संस्थेला हक्क देणारं कलम टिकत नाही, असं त्यांचं मत झालेलं दिसत होतं. पण जिचा हक्क जाणार, तिचं म्हणणं ऐकल्याशिवाय हुकूम लिहिता येत नव्हता. त्यांनी संस्थेच्या अध्यक्षांना उभं राहायला सांगितलं.

चंद्रभागाबाई अजून बसल्याच नव्हत्या. "अध्यक्ष म्हनून बी माझं हेच म्हननं हाय, साहेब."