चार पावलं

दाराची बेल वाजली तशी प्रतीक्षा पोळपाट सोडून धावली. दीड वर्षाच्या समृद्धीच्या कमरेची ओढणी तिनं सोडली, दुसरं टोक खिडकीच्या गजातून ओढून काढलं, सगळी ओढणी उशीखाली कोंबली आणि मगच दार उघडलं. मुरुम गावाहून सासरे आले होते. उभा जन्म शेळ्यांमागं हिंडलेले गुंडाप्पा तीन जिने चढूनही दमले नव्हते.

"या मामा. तुमची नात लई शहाणी झालीय. माझा स्वयंपाक होईस्तोवर एका जागी खेळती."

"व्हय का? बघू की." गुंडाप्पा दारातच उकिडवे बसले आणि त्यांनी हात पसरले. "ये गं माझं करडू, ये पळत!"

समृद्धी खिदळत सुटली. चार पावलं दुडदुडली आणि रोज जिथवर ओढणी पुरायची, बरोबर त्या फरशीवर थबकली. तिथूनच हात लांब करून रडायला लागली.

प्रतीक्षाची मान खाली गेली. गुंडाप्पांनी नातीकडं बघितलं, मग खिडकीच्या गजाकडं. आवाज जराही न चढवता त्यांनी विचारलं,

"दावं किती हाताचं हुतं, पोरी?"