पिढीचं अक्षर

राजघराण्यातल्या पोराचं नाव राजधानीतून, दरबाराकडून यायचं आणि नाव आल्याशिवाय लग्नाची परवानगी मिळायची नाही. काईफंग शहरातल्या आमच्या सातव्या राजकुमारांचं नाव आलं, तेव्हा ते सेहेचाळीस वर्षांचे होते. तोवर रुआनबाई परवानगीशिवायच घरात नांदायला आल्या होत्या आणि त्यांचा मुलगा, तोही बिननावाचा, वीस वर्षांचा झाला होता.

मी त्यांचा कारकून. मी फर्मान वाचून दाखवलं, तेव्हा राजकुमार अक्रोड फोडत बसले होते. लग्न ठरून अडकलेला मुलगा शेजारीच होता.

"फेई, हे नाव पोराला लावून टाक. मुलीकडचे किती दिवस थांबतील?"

"सरकार, नावातलं पहिलं अक्षर पिढीचं असतं. हे तुमच्या पिढीचं आहे. पोराला लावलं, तर कागदोपत्री तो तुमचा भाऊ होईल."

"होऊ दे की."

"आणि तुम्ही? तुम्ही असेच बिननावाचे राहणार?"

त्यांनी अक्रोडाचा गर मुलापुढे सरकवला.

"माझ्या धाकट्या भावाला सांग, लग्न उरकलं की थोरल्याच्या नावासाठी अर्ज कर म्हणावं."