केवळाबाईच्या रानातलं मिसाइल

मिसाइल केवळाबाईच्या रानात सकाळी दहाच्या सुमाराला आलं, छोटा हत्ती टेम्पोत आडवं पडून. चाकूरच्या अलीकडचं, सोयाबीन निघून मोकळं झालेलं रान. सिनेमावाल्यांनी ते रविवारपुरतं मागून घेतलं होतं. गाडी थांबली तशी केवळाबाई विळा बांधावर टाकून बघायला आली.

जवळून बघितलं तर पाइपलाइनचा सहा इंची पाइप होता, हिरवा रंगवलेला. बुडाला तेलाच्या डब्याचे पत्रे कापून केलेले पंख, टोकाला रॉकेलचं नरसाळं उलटं बसवलेलं. बनवणारा देगलूरचा मल्लेश. एरवी तो पेरणीयंत्रं बनवायचा. पोटात त्यानं फटाक्यांची दारू भरली होती आणि बुडातून वात काढली होती. अंगावर कुठल्याच देशाची नसलेली अक्षरं लिहिली होती. उगाच कुणाच्या भावना दुखावायला नकोत.

लोखंडी घोडीवर उभं केल्यावर ते केवळाबाईच्या कपाळापर्यंत आलं.

"कॅमेरा जमिनीवर ठेवला की तीस फुटांचं दिसतं," अंबरीश सर म्हणाले. सर लातूरला क्लासमध्ये फिजिक्स शिकवायचे आणि सुटीच्या दिवशी सिनेमा काढायचे.

"सर, हे थांबवतेत कसं?" केवळाबाईनं विचारलं.

सर घाईत होते, पण शंका विचारली की उत्तर द्यायची सवय लागलेली. "दुश्मनाचं मिसाइल लातूरवर पडणार असतं. आपले मेजर शेवटच्या दहा सेकंदांत ते ट्रॅक्टरला बांधून गावाबाहेर ओढत नेतात. मोकळ्या रानात ते फुटतं. लातूर वाचतं."

"म्हंजे थांबवत न्हाईत. दुसरीकडं नेऊन फोडतेत."

"तसं समजा."

"अन् दुसरीकडं कुणी असलं तर?"

"तिथं कोणी नसतं, मावशी. तसं लिहिलंय."

केवळाबाईनं मान हलवली, पण समाधान काही झालं नाही. तिचा हरिओम फौजेत होता, सरहद्दीवर. येणारी मिसाइलं वरच्या वर पाडायची, हेच त्याच्या तुकडीचं काम. म्हणजे सरांच्या मोकळ्या रानात नेमका तोच उभा. कसं थांबवता रे, असं तिनं फोनवर तीनदा विचारलं होतं. "ते सांगायचं नसतं, आई," एवढंच तो म्हणायचा. निदान सिनेमात तरी कळेल, म्हणून तर तिनं रान दिलं होतं.

दोन शॉट घेऊन झाल्यावर सगळे लिंबाखाली भाकरी खायला बसले. मेजर झालेले शिवमूर्ती, उदगीरच्या कॉलेजातले पीटीचे सर, इस्त्री मोडू नये म्हणून उभ्यानं जेवले.

नवं यंत्र रानात आलं की पूजा केल्याशिवाय चालू करायचं नाही, ही केवळाबाईच्या घरची रीत. ट्रॅक्टरची झाली, मोटारीची झाली, मागच्या साली फवारणीच्या पंपाचीही झाली. तिनं मिसाइलला हळदकुंकू लावलं, स्वस्तिक काढलं, झेंडूची दोन फुलं वाहिली. नारळ फोडून पाणी टोकावर ओतलं.

"कुणाचं का असंना बाबा," ती हळूच म्हणाली, "कुणाच्या लेकराच्या अंगावर पडू नको."

सर जेवून आले आणि बघतच राहिले. "मावशी, हे शत्रूचं आहे."

"असंल. रान आमचं हाय."

"मघाच्या शॉटमध्ये कुंकू नाही. मल्लेश, पूस ते."

"मी न्हाई, सर," मल्लेश म्हणाला. "मला याच गावात यंत्रं विकायचीत."

शेवटी सरांनीच आपल्या रुमालानं पुसलं. नरसाळ्यात डोकावून बघायचं कुणाला सुचलं नाही.

"मिसाइल एकच आहे," सरांनी बजावलं. "दुसरा टेक नाही."

वात पेटवली. मेजर पळाले आणि पन्नास पावलांवर ढेकळांत पालथे पडले. सगळ्यांनी कानांवर हात ठेवले. केवळाबाईनं नाही ठेवले. तिला ऐकायचं होतं. वात फुरफुरत बुडापर्यंत गेली, आत शिरली. चिमूटभर धूर निघाला. बांधापलीकडं एक टिटवी ओरडली.

बराच वेळ गेल्यावर मल्लेश हलक्या पावलांनी जवळ गेला. बुडातून थेंब गळत होते. त्यानं बोट लावून वास घेतला.

"अम्मा, नारळाचं पाणी किती ओतलं?"

"एका नारळात असतंय तेवढं. टोकाला भोक होतं, सगळं आत गेलं. मला वाटलं, त्याच्यासाठीच ठेवलंय."

सर घोडीला टेकून खाली बसले. मेजर अजून पालथेच होते. त्यांना कुणी कट म्हटलं नव्हतं.

केवळाबाई सरांजवळ येऊन वाकली. "थांबलं का, सर?"

सरांनी मिसाइलकडं बघितलं. फिजिक्सच्या माणसाला खोटं बोलता येईना. "थांबलं."

"परत न्हाई ना उडणार?"

"नाही, मावशी."

तिनं खोबऱ्याचे तुकडे केले. पहिला तुकडा ढेकळांत जाऊन मेजरच्या हातावर ठेवला, मग सगळ्यांना वाटले. पदराला हात पुसून कमरेच्या पिशवीतला फोन काढला आणि मल्लेशपुढं धरला. "आमच्या हरिओमला लावून दे."

रिंग खूप वेळ वाजत राहिली. केवळाबाई मिसाइलच्या अंगावर एक हात ठेवून उभी होती. मग पलीकडून आवाज आला.

"हां लेकरा," ती म्हणाली, "तिकडं तुमच्याकडं नारळ मिळतेत का?"