वारुळावरची अळंबी

अळंब्यांना वाफ आली तशी पद्मजाने झाकण काढलं आणि कढई दोघींच्या नाकासमोर धरली. "घ्या वास. मेलात तर म्हणू नका, सांगितलं नाही."

काशी आणि शेवंती मांडी घालून बसल्या होत्या. तिघीही साठीपुढच्या, मुलं मुंबईला, नवरे हार घालून भिंतीवर. श्रावण म्हणून चुलीवर मासा नाही, आणि टीव्हीवरच्या सासवा बघून बघून तिघींना आंबट ढेकर यायला लागले होते. म्हणून हा खेळ. दर बुधवारी एकीने जिवावरचं काही काढायचं, बाकीच्यांनी मागे फिरायचं नाही. काशीने भर लोंढ्यात ओढ्यावरचा लाकडी साकव ओलांडायला लावला होता. शेवंतीने ब्रेक नसलेली स्कूटी पालीच्या उतारावर सोडली; तिचा उजवा हात अजून झोळीत होता.

आज पद्मजाची पाळी. "रानात दिसली ती उपटली. खायची की विषाची, देव जाणे."

देव कशाला, तिलाच ठाऊक होतं. परसामागच्या वारुळावरची अळंबी, सासूच्या काळापासून खाल्लेली. जीव द्यायला ती काय खुळी होती? पण दोघींचे उतरलेले चेहरे बघून तिच्या जिवाला गारवा वाटला.

पहिला घास तिनेच घेतला. दुसराही. "बघताय काय? भित्र्या मेल्या!"

शेवंतीने डाव्या हाताने घास उचलला, डोळे मिटले आणि गिळला. काशी भाकरीचा तुकडा बोटांत फिरवत राहिली.

"खा गो. आता हातपाय गळाले?"

"खाते गो." काशी हसली. "पण पद्मा, टोपलीत बघितलं मी. वारुळावरची आणलीस. आम्हाला नाचवायला निघालीस होय? तू पाण्याला गेलीस तेव्हा मी माझ्याकडची दोन चिरून टाकली. कुजक्या ओंडक्यावरची. ती कसली, ते मात्र खरंच देव जाणे."

आणि तिने घास तोंडात टाकला.

पद्मजाचा हात कढईवरच राहिला. जिभेला काही वेगळं लागतंय का, हे ती चाचपत होती. मग तिने तिसरा घास घेतला. सावकाश, चावून.

फाट्यावर एसटीचा हॉर्न वाजला. रत्नागिरीला जाणारी, पुढची तीन तासांनी.

"दवाखान्यात..." शेवंती पुटपुटली.

"जा की," पद्मजा म्हणाली. "कोण धरून ठेवलंय?"

एसटी बराच वेळ थांबून होती. आधी कोण उठते म्हणून तिघी एकमेकींच्या पायांकडे बघत बसल्या.