मुरवलेलं चीज

बुरुजातले सरदार काळ उलटा फिरवून तरुण होत आणि अंगावरून उतरलेल्या वर्षांचा राखाडी गाळ ओढ्यात सोडून देत. खालच्या गावात तो गाळ ज्याला लागे, तो म्हातारा होई. वेल्काने त्याच गाळात बुरुजाच्या मेजवानीचं चीज मुरवलं. न्यायला आलेला कारभारी गुरकावला, "थेरडे, आधी तू खा. तुम्हा ओढ्यावाल्यांचा भरवसा नाही." तिने जाड तुकडा मोडून सावकाश चावला. तो टक लावून बघत राहिला. सुरकुत्या होत्या तेवढ्याच, केस होते तेवढेच पांढरे. "मेली नाहीस, म्हणजे चालेल," म्हणत त्याने गाडी भरली आणि बुरुजाकडे हाकली. परसातून काळ्याभोर केसांची तिची आई धावत आली. "गाळात हात घालून आधीच म्हातारी झालीस, वर खाल्लंस कशाला, पोरी? सुगीला तुझं लग्न होतं गं." वेल्काने निखळलेला दात हातावर थुंकला. "ज्यांची वर्षं, त्यांच्याच पानात वाढून पाठवली, आई."