आठवी ढाल

"पुन्हा ढाल?" फ्रेमवाला म्हणाला.

रफूवाल्या बाईंनी अंगठा जिभेला लावला आणि त्याच ओल्या अंगठ्याने एक कार्ड पुढे सरकवलं. दोरा ओवताना त्याचं टोक चाटायची ही सवय बाई आपल्या रफूच्या दुकानातच ठेवून आल्या असत्या तर काय बिघडलं असतं? समोरची सगळी कार्डं उष्टी झाली होती.

त्याने आपल्या गड्डीवरचं कार्ड उचललं. लांडगा. एवढा मोठा वार ढालीवर आपटून फुकट गेला.

कार्डांच्या दुकानामागच्या खोलीत वर्षातला शेवटचा सामना चालू होता. खिडकी बंद, माणसं दाटीवाटीने बसलेली, आणि कुणाच्या तरी ओल्या मोज्यांचा वास. गेली तीन वर्षं विजेता म्हणून भिंतीवर फ्रेमवाल्याचंच नाव लागलं होतं. त्या पाटीची फ्रेमही त्याने स्वतःच करून दिली होती, कोपऱ्याचा सांधा कुठे आहे ते सापडणार नाही अशी. कापायच्या पात्यावर त्याचा हात तसा बसलेलाच होता.

खेळ सोपा होता. दोघांना सारखे प्राण, वार बसला की ते कमी व्हायचे. ज्याची त्याने आपली गड्डी जमवायची. आधी समोरच्याने हवी तर ढाल लावायची, ती एकाच खेळीपुरती. मग आपण वरचं कार्ड उचलायचं. उचलण्याआधी छातीठोकपणे 'दुप्पट' म्हटलं आणि श्वापद निघालं, तर वार दुप्पट. फुसकं निघालं तर आपलंच नुकसान. 'दुप्पट' कधी म्हणायचं हे फ्रेमवाल्याला आतूनच कळायचं. गड्डीच्या कोपऱ्यावरून अंगठा फिरवायचा, क्षणभर थांबायचा आणि बोलायचा. लोक म्हणायचे, नशीब घेऊन आलाय गडी.

आणि ही बाई! एक वार नाही, एक धाडस नाही. नुसत्या ढाली, आणि मधूनमधून एकेक प्राण टिपणारी टाचणीची कार्डं. तास संपला की ज्याचे प्राण जास्त तो जिंकणार, म्हणून कासवासारखं अंग चोरून बसायचं. याला काय खेळणं म्हणतात? फ्रेमवाल्याला मनापासून शिसारी आली. मर्दासारखं हरावं, पण असं गोचिडासारखं चिकटून जिंकू नये.

तिचा नवरा निदान लढला तरी होता. गेल्या वर्षी याच टेबलावर तो हरला, आणि इथल्या रिवाजाप्रमाणे जिंकणाऱ्याने हरणाऱ्याचं एक कार्ड उचललं. फ्रेमवाल्याने गरुड उचलला. अकरा वर्षं तो माणूस ते कार्ड शर्टाच्या खिशात घेऊन फिरायचा. त्या दिवसानंतर त्याने खेळ सोडला आणि घरातून बाहेर पडणंही जवळजवळ सोडलं, असं लोक सांगत. आता बायको आली होती. कशाला आली होती, हे खोलीत कुणालाही सांगायची गरज नव्हती.

सुरुवातीला त्याने आपली गड्डी काटायला दिली तेव्हा बाईंनी कार्डांच्या कव्हरांच्या कडांवरून बोट फिरवलं होतं, कापड बघतात तसं.

"काही कव्हरं कोपऱ्याला उसवलीत हो, भाऊ."

"काकू, प्लास्टिक आहे ते. उसवत नाही." सगळे हसले होते.

"असेल. माझ्या बोटांना वाईट खोड आहे," असं म्हणून त्यांनी गड्डी परत दिली होती. तेव्हापासून त्यांनी त्याच्या तोंडाकडे एकदाही पाहिलं नव्हतं. नजर खाली, टेबलावर, त्याच्या गड्डीच्या कोपऱ्यावर. घाबरलीय, असंच त्याला वाटलं होतं.

पण आता सात ढाली झाल्या होत्या, आणि सातही वेळा त्याचं श्वापदच निघालं होतं. मुंगी, गोगलगाय, बेडूक निघायचा तेव्हा मैदान मोकळं. वाघ आला की ढाल, रेडा आला की ढाल. सातांतली एकसुद्धा वाया गेली नव्हती. त्याने मागे वळून पाहिलं. मागे नुसती भिंत होती. आरसा नाही, कुणी खुणा करणारं नाही.

"पाच मिनिटं राहिली," दुकानदार म्हणाला. पंचही तोच होता. बाई दोन प्राणांनी पुढे होत्या.

फ्रेमवाल्याने गड्डीच्या कोपऱ्यावरून अंगठा फिरवला आणि त्याला हायसं वाटलं. एका फटक्यात सगळं संपणार होतं. नवऱ्याच्याच कार्डाने बायकोचा निकाल लागणार होता.

बाईंनी अंगठा चाटला. आठवी, शेवटची ढाल पुढे सरकली.

फ्रेमवाल्याचं डोकं फिरलं. खुर्ची मागे ढकलून तो उठला.

"ही बाई फसवतेय! तपासा तिची कार्डं, आत्ताच्या आत्ता!"

दुकानदाराने बाईंची गड्डी घेतली. एकेक कव्हर उजेडात धरलं, पालथं केलं, वास घ्यायचाच काय तो राहिला. "साफ आहेत," तो म्हणाला.

"मग हिला कळतं कसं? सात वेळा बरोबर! आणि आता माझा गरुड येतोय तर लगेच आठवी ढाल? हा काय योगायोग आहे?"

बाईंनी पहिल्यांदाच मान वर करून त्याच्याकडे पाहिलं.

"गरुड येतोय?" त्यांनी हळूच विचारलं.

दुकानदाराने हात लांब करून फ्रेमवाल्याच्या गड्डीवरचं कार्ड, जे अजून कुणीच उचललं नव्हतं, ते उलटं केलं. गरुड होता.